चौऱ्याण्णवचा आवाज

"गाडी न्हाई ती. माणूस हाय," हरिबानाना म्हणाले आणि शेंगदाण्याची पुडी बांधत राहिले. "आन् दमलेला माणूस हाय."

आंबेरीच्या एसटी स्टँडवर भर दुपारी माझी अशी शोभा झाली. मी त्यांच्या मागे पंधरा पावलांवर, खांबाच्या आड उभा राहून तोंडाने गाडी आणली होती. तो माझा धंदाच होता. बावीस वर्षं मी ऑर्केस्ट्रात मिमिक्री केली. 'मुरलीधर भोपळे आणि त्यांची एसटी' हा अकरा मिनिटांचा आयटम ज्यांनी ऐकला नाही अशी माणसं सांगली-कोल्हापुरात फार नसतील. इंजिन, गिअर, घंटी, खिडकीच्या काचांचा खडखडाट, सगळं एका तोंडातून. त्या दिवशीसुद्धा चार-पाच बायका पिशव्या उचलून उभ्या राहिल्या, एक म्हातारे तर धोतराचा सोगा सावरत फलाटाकडे धावले. फसले नाहीत ते एकटे हे आंधळे दाणेवाले.

मी मुकाट्याने पुढे गेलो. "नाना, कसं ओळखलंत?"

"गाडी मधी श्वास घेत न्हाई, पावणं."

बाजूला उभा असलेला संदेश खोचरे पोट धरून हसायला लागला. "म्हटलं नव्हतं तुम्हाला? चला, पैज हरलात. चहा तुमचा."

या खोचरेनेच मला तिथे आणलं होतं. तालुक्यात त्याचं औषधांचं दुकान होतं, आणि दुकानाच्या माळ्यावर पुठ्ठ्याच्या बेचाळीस एसट्या होत्या, सगळ्या त्याने हाताने केलेल्या. 'लाल गाडी मित्रमंडळ' नावाची त्याची एक टोळी होती. गाडी लांबून दिसली की हे लोक तिचं आगार सांगणार, इंजिन कुठल्या कंपनीचं ते सांगणार, बॉडी कुठल्या सालची ते सांगणार. सुट्टीच्या दिवशी कॅमेरे घेऊन घाटात गाडीची वाट बघत बसणार. एकजण मुलगी बघायला गेला, आणि चहा यायच्या आत खिडकीतून जुन्या बॉडीची गाडी दिसली म्हणून उठून पळाला. लग्न मोडलं, पण फोटो झकास आला, असं तो स्वतःच सांगायचा.

मी यांच्यावर माहितीपट करणार होतो. सेहेचाळिसाव्या वर्षी. ऑर्केस्ट्रा सोडला तेव्हा बायको म्हणाली होती, "आता हे काय नवीन खूळ?" तिला आणि भेटेल त्याला मी मोठ्या तोंडाने सांगत होतो, "बावीस वर्षं दुसऱ्यांचे आवाज काढले. आता ज्याचा आवाज त्याच्याच तोंडून ऐकायचा. मी गप्प बसणार." लोक हसायचे. भोपळे आणि गप्प? पण माझं ठरलं होतं. जयसिंगपूरचा इक्बाल मुजावर, लग्नाचं शूटिंग करणारा, कॅमेऱ्याला घेतला. आवाजाचं यंत्र मी स्वतःच्या हातात ठेवलं. आवाजातलं मला नाही कळणार तर कुणाला?

आणि त्या दुपारी ठरलं की आपल्या माहितीपटात हे नाना पाहिजेतच.

नानांचे डोळे विशीतच गेले होते. स्टँडवर दाणे-फुटाणे विकायचे आणि संध्याकाळी पाचच्या गाडीने घाट चढून कुसवड्याला, आपल्या गावी जायचे. लोक चौकशीच्या खिडकीशी जायच्या ऐवजी त्यांना विचारत. ते कान देत आणि सांगत, "आली पाटणची, नाक्यावर हाय." चूक कधी झाली नाही.

"सिनेमात येतो की," ते म्हणाले. "पन एक सांगतो. मला तुमचं पैसं नकोत. मला चौऱ्याण्णव पायजे."

"म्हणजे?"

खोचरेने खुलासा केला. कुसवड्याच्या फेरीला अकरा वर्षं एकच गाडी होती. तिच्या नंबरचा शेवट चौऱ्याण्णव. पुढच्या महिन्यात ती भंगारात निघणार होती.

"तुमी सगळी डोळ्यांनी बघनार," नाना म्हणाले. "मला तिचा आवाज द्या. घाट चढतानाचा, पुरा. तिसऱ्यावरनं दुसऱ्यावर घेताना खोकती बघा, तेवढं चुकवू नका. त्या आवाजावर मला कळतंय कुठं आलो ते. मोरी आली, वडाचं वळान आलं, घर आलं. ती गाडी म्हंजे माझा रस्ता हाय, पावणं. नवी कशी येतीया देव जाने."

"दिला शब्द, नाना," मी म्हणालो.

शेवटच्या फेरीच्या दिवशी स्टँडवर जत्रा लोटली होती. मित्रमंडळाची साठ-सत्तर माणसं, कुठून कुठून आलेली. गाडीला झेंडूचे हार, काचेला हळदकुंकू, पुढे नारळ. ड्रायव्हरला फेटा बांधला होता आणि तो बिचारा लाजून चूर झाला होता. इक्बाल मोटारसायकलवर मागून येणार होता, बाहेरून शूट करायला. मी यंत्र गळ्यात अडकवलं, हेडफोन कानाला लावले आणि चालू केलं. नारळ फुटला तो आवाज आला. इंजिन घुरघुरत होतं, तेही छान येत होतं.

तेवढ्यात गर्दीतून कुणीतरी ओरडलं, "मुरलीभाऊ, एकदा गाडी काढा की!"

"नको रे, आज नको."

"असं काय करता? चौऱ्याण्णवच्या पुढ्यात एकदा होऊन जाऊ दे!"

सत्तर माणसं टाळ्या वाजवायला लागली. आता खरं सांगतो, चार महिने माझ्यासाठी कुणी टाळी वाजवली नव्हती. तिचं व्यसन दारूपेक्षा वाईट. माझा आवाज रेकॉर्डिंगमध्ये येऊ नये म्हणून मी यंत्राचं थांबवायचं बटण दाबलं आणि गाडीपुढे उभा राहून आयटम केला. अकरा मिनिटांचा नाही, दोनच मिनिटांचा, पण काय केला! ड्रायव्हरसुद्धा डोळे पुसत हसला. शिट्ट्यांच्या गजरात मी गाडीत चढलो आणि नानांच्या शेजारी बसलो.

घाट सुरू झाला. मी माईक इंजिनाच्या झाकणाजवळ धरला. कानात आवाज काय सुंदर येत होता! नाना सांगत होते, "आता मोरी," आणि खरंच रस्त्याखालच्या ओढ्याची मोरी यायची. मला एक गंमत दिसली. वळण यायच्या आधी त्यांचं अंग झुकायचं. गाडी नंतर वळायची, नाना आधी. गाडी खोकली की डावीकडे, मग सरळ, मग उजवीकडे. कुसवडं यायच्या आधी ते उठले, हात वर करून नेमकी वरची दांडी धरली आणि उभे राहिले. मग घंटी वाजली.

खाली उतरल्यावर त्यांनी गाडीच्या पत्र्यावर हात ठेवला, बराच वेळ. मग विचारलं, "घेतलंसा?"

"घेतलं, नाना. एक नंबर."

दुसऱ्या दिवशी सकाळी चौऱ्याण्णव भंगाराच्या लिलावाला रवाना झाली. मी घरी बसून रेकॉर्डिंग कॉम्प्युटरवर घेतलं. सहा मिनिटं होती. नारळ, इंजिन, गलबला, आणि शेवटी एक आवाज, "मुरलीभाऊ, एकदा गाडी काढा की!" पुढे काही नाही.

थांबवायचं बटण मी परत सोडलंच नव्हतं. थांबवून ठेवलं तरी कानात आवाज येत राहतो आणि लाल दिवाही जळतो, फक्त तो लुकलुकतो. चाळीस मिनिटं तो माझ्या छातीवर लुकलुकत होता आणि मी वर बघून लोकांना हात करत होतो. इक्बालच्या कॅमेऱ्यात बघितलं, तर नुसता वारा आणि त्याचीच मोटारसायकल.

इक्बाल म्हणाला, "भाऊ, नानांना सांगून टाका. माणूस भला आहे."

"काय सांगू? आयटम करत होतो म्हणून तुमचा रस्ता घालवला?"

"तेच सांगा."

"थांब जरा. मी आणतो तो आवाज."

आणि मी हट्टाला पेटलो. तीन आठवडे दुसरं काही केलं नाही. खोचरेला न कळता चौकशी करून त्याच बॉडीची, त्याच सालची दुसरी गाडी हुडकली, शेजारच्या आगारात. चार दिवस तिच्यातून दुसरे घाट चढलो. तुकडे घेतले, जोडले, इक्बालच्या शूटिंगवर वळणागणिक बसवले. सगळं जमलं, फक्त तो खोकला नव्हता. ती गाडी धडधाकट होती, खोकेना. मग मी दार लावलं, माईक तोंडाशी धरला आणि तो खोकला स्वतः काढला. पन्नास वेळा तरी काढला असेन. शेवटचा इतका बेमालूम झाला की इक्बालच्या अंगावर काटा आला. "भाऊ," तो म्हणाला, "हे पाप आहे, पण काय झालंय!"

रविवारी सकाळी अकराला आंबेरीच्या हायस्कूलच्या सभागृहात माहितीपट दाखवला. मित्रमंडळ झाडून आलं होतं. खोचरेने पुठ्ठ्याच्या बेचाळीस गाड्या दारापासून पडद्यापर्यंत मांडल्या होत्या. पहिल्या रांगेत मध्यावर नाना, इस्त्रीचा सदरा, डोक्याला कोरी टोपी.

घाट आला. नऊ मिनिटांचा. पहिल्या खोकल्याला मागे कुणीतरी "अगागा, तीच!" म्हणालं. खोचरेने चष्मा काढून रुमाल डोळ्यांना लावला. ज्याचं लग्न मोडलं होतं तो तर हुंदके देत होता. माझं काळीज सुपाएवढं झालं. आणि मग मी नानांकडे बघितलं.

नाना ताठ बसले होते. दोन्ही हात गुडघ्यांवर. मोरी गेली, वडाचं वळण गेलं, तीनदा गाडी खोकली. नाना झुकले नाहीत. सूतभरसुद्धा नाहीत. कुसवडं आलं, घंटी वाजली, आणि ते बसूनच होते.

दिवे लागले. टाळ्या थांबेनात. खोचरेने माईक आणला आणि मला म्हणाला, "पहिला शब्द नानांचाच. तुम्ही द्या त्यांच्या हातात."

मी वाकून माईक दिला. नानांनी तो घेतला, त्याच्या तोंडावर तळवा ठेवला आणि मला ऐकू येईल एवढंच बोलले. "मधी दम घेतलासा तुमी. तिसऱ्या खोकल्याच्या आधी."

मी मागे वळून टाळ्या वाजवणाऱ्यांकडे बघितलं.

"मी सांगू का तुमी सांगता?"

ते सांगणार नव्हते, हे मला त्याच क्षणी कळलं. मी नुसतं 'राहू द्या, नाना' म्हटलं असतं तर त्यांनी सभागृहाला 'लई ब्येस झालंय' म्हटलं असतं आणि दाण्याची पाटी उचलून गेले असते. माझा पहिला माहितीपट, एवढ्या टाळ्या, पुढच्या महिन्यात पुण्याच्या महोत्सवाला पाठवायचं ठरलेलं. पण आपण कुणासमोर उभे आहोत? ज्याने माझ्याकडे पाठ असताना मला ओळखलं होतं त्याच्यासमोर. मी माईक परत घेतला.

"हा आवाज चौऱ्याण्णवचा नाही," मी म्हणालो. "गाडी दुसरी आहे. खोकला माझा आहे. शेवटच्या फेरीला मी आयटम करायला यंत्र थांबवलं आणि परत चालू करायला विसरलो. नानांना दिलेला शब्द मी मोडला आणि मग तीन आठवडे तो झाकत बसलो."

टाळ्या थांबल्या. आणि खोचरे उठला. एरवी हसरा माणूस, पण चेहरा काळाठिक्कर पडला होता.

"मी रडलो हो," तो म्हणाला. "भोपळे, मी तुमच्या तोंडच्या खोकल्यावर रडलो! लोक आम्हाला येडे म्हणतात. तुम्ही म्हणालात, मी तुमचं ऐकायला आलोय. बावीस वर्षं गाडीचा आयटम केलात, आज आमचा केलात. फरक काय राहिला?"

"काही नाही," मी म्हणालो. "पण माहितीपट मी टाकणार नाही. तो आवाज काढतो. ती नऊ मिनिटं गप्प ठेवतो. आवाज का नाही ते माझ्या तोंडाने सांगतो, माझं नाव घेऊन. महोत्सवाला पाठवायचा तर तसाच पाठवीन, नाहीतर नाही."

खोचरे दाराकडे चालू लागला. त्याच्या मागून चार-पाचजण उठले.

"गप कशाला ठेवतासा?" नाना म्हणाले. माईक नव्हता, पण स्टँडवर चाळीस वर्षं दाणे विकलेला आवाज होता. "संदेश, बस की बाबा जरा. लगीच कुठं निघालास?"

खोचरे दारात थांबला.

"तीन आठवडं झालं, नव्या गाडीतनं जातोय मी," नाना म्हणाले. "काचा बंद, आवाज न्हाई. कुठं आलोय काय बी उमगत न्हाई. परवा मोरीपाशीच उठलो उतराय. कंडक्टर म्हनला, बसा नाना, लांब हाय अजून. अकरा वर्सं मला कुनी बसा म्हनलं नव्हतं." त्यांनी कपाळाला बोट लावलं. "डोक्यात हाय तवर घ्या. उद्या न्हाई राहनार. माझं मलाच भ्या वाटाय लागलंय. मुरलीभाऊ, तुमचं यंत्र आनलंया का?"

"गाडीत आहे, नाना."

"आना की मग. मी काढतो चौऱ्याण्णव."

मी धावत गेलो आणि धावत आलो. नानांच्या पुढ्यात जमिनीवर मांडी घातली, माईक धरला, बटण दाबलं. दिवा बघितला. परत बघितला. इक्बालला दाखवला. तो म्हणाला, "स्थिर आहे, भाऊ."

नानांनी टोपी काढून मांडीवर ठेवली आणि सुरुवात केली.

मिमिक्री म्हणाल तर शून्य. सुरुवातीचं इंजिन म्हणजे कुणीतरी गुळण्या करतंय असं वाटलं. गिअर बदलताना ते तोंडाने चक्क 'खर्र' म्हणाले. माझी जीभ टाळूला जाऊन लागली. दाखवावं का त्यांना, तो आवाज घशाच्या मागून काढायचा असतो? मी ओठ दाताखाली दाबले. आयुष्यात एवढं अवघड काम मी केलं नाही.

पण ते अनुकरण करतच नव्हते. ते घरी निघाले होते. आवाजाच्या मध्येच बोलत होते, "ही पाटलाची विहीर, हितं जरा पळती," आणि परत घुरघुर. मग एक पोकळ, खोल आवाज आला आणि मागून कुणीतरी हळूच म्हणालं, "मोरी." पुढे खोकला. तो माझ्या खोकल्यासारखा नव्हता. बेमालूम तर नव्हताच. पण सभागृहातली साठ डोकी एकदम डावीकडे कलली, आणि मीही.

मध्ये नाना थांबले, धापा टाकल्या.

माझ्या तोंडून निघून गेलं, "नाना, गाडीनं श्वास घेतला."

"चढ हाय," नाना म्हणाले. "घेनारच की."

सगळे हसले. दारातून खोचरेच्या हसण्याचा आवाज आला. हसता हसता तो आत आला आणि भिंतीला टेकून उभा राहिला. नाना पुढे निघाले. वडाचं वळण, देवळाची कमान, गावाबाहेरचा उतार. शेवटी कुणी घंटी वाजवावी म्हणून ते थांबले, तेव्हा खोचरेनेच भिंतीपासून जिभेने वाजवली, टिंग टिंग.

"उतरा," नाना म्हणाले. "कुसवडं आलं." कपाळावरचा घाम पुसला आणि माझ्याकडे तोंड केलं. "घेतलंसा?"

"घेतलं, नाना."

"मागल्या बारीला बी घेतलंच म्हनला हुतासा. ऐकवा."

मी त्यांच्या कानांना हेडफोन लावले आणि चालू केलं. आता तो आवाज एकट्या त्यांनाच येत होता, आम्हाला काही नाही. आम्ही नुसते बघत होतो. थोडा वेळ ते ताठ बसले. मग त्यांचं अंग हळूच डावीकडे झुकलं. सरळ झालं. उजवीकडे झुकलं. मोरी कुठली, वडाचं वळण कुठलं, आम्हा सगळ्यांना समजत होतं.

त्याला बारा वर्षं झाली. ती नऊ मिनिटं माहितीपटात आहेत, नानांच्या धापांसकट, आणि ती कशी आली तेही माझ्याच तोंडून आहे. पुण्यात काहीजण म्हणाले, हा आवाज जरा कच्चा आहे, स्टुडिओत नीट करून घ्या. मी हात लावला नाही. नंतर मी अजून चार केले, आणि त्यांतल्या एकातही माझ्या तोंडचा आवाज नाही.

पण त्या दिवशीचं राहिलं सांगायचं. घाट संपत आला असावा. नाना खुर्चीतून उठले, हेडफोनची वायर माझ्या हातातून ताणली गेली. त्यांनी उजवा हात वर केला, दांडीसाठी. तिथे दांडी नव्हती. मी उभा राहिलो आणि माझा खांदा पुढे केला.